जहाज आले नाही तेव्हा : तासगाव तालुक्यातील दोन द्राक्ष कंटेनरांचे प्रकरण

पार्श्वभूमी

तासगाव तालुक्याच्या पूर्व भागातील नऊ बागायतदारांनी मिळून चालवलेल्या एका निर्यात गटाचे हे प्रकरण आहे. काळ फेब्रुवारी २०२४ चा. गट, गाव, जहाज कंपनी आणि मधले व्यावसायिक यांची नावे दिलेली नाहीत. कागदपत्रांच्या कामात मी या गटासोबत होतो, त्यामुळे पुढे सांगितलेल्या निर्णयांपैकी काहींत माझाही वाटा आहे.

तासगाव, मिरज, कवठेमहांकाळ, जत, पलूस आणि खानापूर या पट्ट्यातले बहुतेक द्राक्ष देशी बाजारात किंवा बेदाण्याच्या शेडवर जाते. युरोपला माल धाडणाऱ्या बागायतदाराचे वर्षच वेगळे असते. त्याला बागेची ग्रेपनेटवर, म्हणजे निर्यातीच्या द्राक्षबागांच्या सरकारी ऑनलाइन नोंदवहीत, नोंद करावी लागते, फवारणीची वही ठेवावी लागते, कीडनाशकांच्या अंशांची तपासणी करून घ्यावी लागते आणि शेवटी अ‍ॅगमार्क हे प्रतीचे व फायटोसॅनिटरी, म्हणजे माल कीड-रोगमुक्त असल्याचे, प्रमाणपत्र मिळवावे लागते. २०१० साली क्लोरमेक्वाट क्लोराइड या वाढनियंत्रकाच्या अंशांवरून भारतीय द्राक्षे युरोपात अडली होती. त्या हंगामाचा फटका बसलेली घरे आजही फवारणीच्या वहीत खाडाखोड होऊ देत नाहीत. या गटातही तीच शिस्त होती. हे आधीच सांगून ठेवतो, कारण या प्रकरणात माल कुठेही कमी पडला नाही. घोळ झाला तो माल गावातून निघाल्यानंतर.

२०२४ च्या या हंगामावर आणखी एक सावट होते. नोव्हेंबर २०२३ पासून तांबड्या समुद्रात हुती बंडखोरांनी व्यापारी जहाजांवर हल्ले सुरू केले आणि डिसेंबरपासून मोठ्या जहाज कंपन्यांनी सुएझ कालव्याची वाट सोडून आफ्रिकेच्या दक्षिण टोकाला, केप ऑफ गुड होपला वळसा घालायला सुरुवात केली. मुंबईहून उत्तर युरोपला जाताना या वळशाने चार हजारांहून अधिक सागरी मैल वाढतात. एरवी तीन-साडेतीन आठवड्यांत रॉटरडॅमला लागणारा कंटेनर आता पाच आठवड्यांच्या आसपास पोहोचणार होता. भाडेही वाढले होते. तरीही पाठवायचे, असे गटाने जानेवारीतच ठरवले, कारण युरोपच्या मापाने विरळणी आणि डिपिंग (घड संजीवकाच्या द्रावणात बुडवणे) केलेल्या बागांचा खर्च देशी भावात निघण्यासारखा नव्हता.

बंदर कसे चालते

पुढचा पेच समजण्यासाठी न्हावा-शेव्याची घडण थोडी तपशिलात पाहावी लागेल. एके काळी कराडकडचा माल कुंभार्ली घाटाने चिपळूणच्या खाडीला उतरत असे. नंतर सगळा ओघ मुंबईकडे वळला. मुंबई बंदराचा कारभार १८७३ पासून पोर्ट ट्रस्टकडे आला आणि १९१४ मध्ये अलेक्झांड्रा डॉक, म्हणजे आजचा इंदिरा डॉक, सुरू झाला. पण दरवाजे उघडून जहाज आत घेणारे ते डॉक आणि त्यांना चहूबाजूंनी खेटलेले शहर कंटेनरच्या काळाला पुरेसे नव्हते. म्हणून समोरच्या किनाऱ्यावर, उरण तालुक्यात, न्हावा-शेव्याचे नवे बंदर, म्हणजे जवाहरलाल नेहरू बंदर, बांधले गेले आणि २६ मे १९८९ रोजी ते सुरू झाले. या भागातल्या जमिनी सहज मिळालेल्या नाहीत. जानेवारी १९८४ मध्ये दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखाली उरणचे शेतकरी जमिनीच्या मोबदल्यासाठी रस्त्यावर उतरले तेव्हा गोळीबारात पाच जणांचा जीव गेला. आपला माल ज्या धक्क्यावरून परदेशी जातो त्याच्यामागे कुणाच्या तरी शेताचा हा हिशेब आहे, याची जाण बागायतदाराने ठेवायला हवी असे मला वाटते.

आपल्या प्रकरणाशी थेट जोडलेली गोष्ट मात्र पुढच्या इतिहासात आहे. १९९९ मध्ये इथे देशातले पहिले खासगी कंटेनर टर्मिनल सुरू झाले. त्यानंतर २००६, २०१५ आणि २०१८ मध्ये एकेक टर्मिनल वाढत गेले आणि २०२२ मध्ये बंदराने स्वतःचे टर्मिनलही खासगी कंपनीकडे चालवायला दिले. आता बंदर प्राधिकरण जमीन, खाडीतली जलवाट आणि देखरेख सांभाळते. माल चढवण्या-उतरवण्याचे काम वेगवेगळ्या कंपन्या करतात. त्यामुळे नकाशावर बंदर एक दिसले तरी कंटेनरच्या दृष्टीने ती शेजारी शेजारी उभी असलेली पाच बंदरे आहेत. प्रत्येकाचे गेट वेगळे, यार्ड वेगळे, संगणक वेगळा आणि कट-ऑफ, म्हणजे एखाद्या जहाजासाठी माल घेण्याची शेवटची वेळ, तीही वेगळी. एका टर्मिनलच्या यार्डात गेलेला कंटेनर दुसऱ्या टर्मिनलच्या जहाजावर आपोआप चढत नाही.

गेटे वेगळी असली तरी समुद्रातली वाट सामाईक आहे. मुंबई बंदर आणि जवाहरलाल नेहरू बंदर या दोन्हींकडे जाणारी जहाजे एकाच मुख्य जलवाटेने येतात. ७ ऑगस्ट २०१० रोजी या वाटेवर एमएससी चित्रा आणि खलिजिया-३ या जहाजांची टक्कर झाली, शेकडो कंटेनर पाण्यात पडले आणि दोन्ही बंदरांची वाहतूक काही दिवस बंद राहिली. पुढे ही वाट खोदून १५ मीटर खोल करण्यात आली, पण मोठ्या जहाजांना भरतीचा हिशेब सुटलेला नाही. धक्क्यावरची जागा आधी नेमून दिलेली, भरतीची वेळ ठरलेली, मागे दुसरे जहाज उभे. अशा ठिकाणी जे जहाज आपली वेळ चुकवते, त्याला कधी ताटकळत राहावे लागते, तर कधी ते बंदर गाळून पुढे जाते. केपचा वळसा सुरू झाल्यावर युरोपहून परतणारी जहाजे उशिरा येऊ लागली आणि बंदर गाळण्याचे प्रकार वाढले.

अडचण

गटाने चाळीस फुटी दोन रीफर, म्हणजे शीतयंत्र असलेले, कंटेनर ठरवले होते. एकेकात वीस पॅलेट आणि सुमारे १३ टन थॉम्पसन जातीची द्राक्षे, अर्धा किलोच्या पनेटमध्ये, म्हणजे प्लास्टिकच्या लहान डब्यांत. रविवारी आणि सोमवारी सकाळी काढणी झाली, प्री-कूलिंग, म्हणजे भरण्याआधी माल थंड करणे, झाले, पेट्यांत बुरशी रोखणारे सल्फर डायऑक्साइडचे पॅड घातले गेले. मंगळवारी पहिला कंटेनर भरताना पॅकहाऊसच्या सुपरवायझरने दर चौथ्या पॅलेटमधला एक मणी काढून त्यात थर्मामीटरची सुई खुपसली. आकडा शून्य पूर्णांक पाचवर थांबत होता, आणि तो थांबेपर्यंत सुपरवायझर पुढची पॅलेट आत जाऊ देत नव्हता. देठ हिरवेगार होते.

पहिला कंटेनर मंगळवारी संध्याकाळी निघाला आणि बुधवारी दुपारी टर्मिनलच्या आत गेला. दुसऱ्याला फायटोसॅनिटरी तपासणी उशिरा झाल्यामुळे निघायला मध्यरात्र उलटली. पुढे खंबाटकी घाटात एक ट्रेलर बंद पडल्याने त्याचे तीन तास गेले आणि तो बंदराच्या पार्किंगमध्ये पोहोचला बुधवारी संध्याकाळी. गेटवर जाणाऱ्या गाड्यांची रांग होती. ड्रायव्हरने फोन केला, "साहेब, लाईन हलंना झालीया. डिझेल निम्मं हाय, जनसेट चालू ठेवू का बंद करू?" जनसेट म्हणजे वाटेत कंटेनर थंड ठेवणारे डिझेल जनित्र. चालूच ठेवा, असे त्यांना सांगितले गेले. पहिल्या कंटेनरच्या ड्रायव्हरने असा फोन केला नव्हता. त्याचा परिणाम नंतर दिसला.

रात्री ७ वाजून ४० मिनिटांनी जहाज कंपनीची ईमेल आली. जहाज उशिराने येत असल्यामुळे ते न्हावा-शेवा गाळणार होते. तिथून पुढे त्या जहाजाच्या नावाने गेट बंद झाले. म्हणजे एक कंटेनर आत, प्लगवर, म्हणजे यार्डातल्या विजेवर. दुसरा बाहेर, जनसेटवर. आणि दोघांनाही जहाज नाही. ही ईमेल सीएचएच्या, म्हणजे गटाचे कस्टम्सचे काम पाहणाऱ्या दलालाच्या, कार्यालयात आली होती. त्यांनी ती लगेच गटाच्या पत्त्यावर पुढे पाठवली, पण गटात कुणी ती गुरुवारी सकाळपर्यंत उघडली नाही. मीही नाही.

पर्याय

गुरुवारी सकाळी सीएचएशी बोलून चार वाटा समोर आल्या.

पहिली वाट थांबण्याची होती. त्याच मार्गाचे पुढचे जहाज त्याच टर्मिनलला दहा दिवसांनी सुटणार होते आणि ते थेट रॉटरडॅमला ३१ दिवसांत जाणार होते. कागद फारसे बदलावे लागणार नव्हते. प्लगचे शुल्क मात्र रोज चढणार होते आणि माल जागेवरच म्हातारा होणार होता.

दुसरी वाट त्याच कंपनीच्या दुसऱ्या जहाजाची होती. ते सोमवारी सुटणार होते, पण शेजारच्या टर्मिनलवरून, आणि कोलंबोला माल उतरवून मोठ्या जहाजावर चढवणार होते. सांगितलेला प्रवास ३४ दिवसांचा. त्यासाठी आत गेलेला कंटेनर बाहेर काढणे, जहाज कंपनीचे पत्र, कस्टम्सची परवानगी, शिपिंग बिलातली, म्हणजे कस्टम्सकडे दिलेल्या निर्यातीच्या कागदातली, दुरुस्ती आणि शनिवारी दुपारपर्यंत दुसऱ्या गेटातून आत, एवढे सगळे करावे लागणार होते. दुसऱ्या कंपनीचे आणखी लवकरचे जहाज का घेत नाही, असे एका तरुण बागायतदाराने विचारले. प्रश्न रास्त होता. पण कंटेनर जहाज कंपनीचा असतो. कंपनी बदलायची तर माल एका कंटेनरमधून दुसऱ्यात भरावा लागतो, आणि नवी मुंबईच्या दमट हवेत थंड द्राक्षांची दारे उघडली की मण्यांवर पाणी सुटते. तो विचार तिथेच संपला.

तिसरी वाट दुबईची होती. जेबेल अली या तिथल्या बंदराला चार-पाच दिवसांत माल लागतो. भाव युरोपपेक्षा कमी आणि ग्राहक नवा शोधावा लागणार. मिरजेच्या एका निर्यातदाराच्या ओळखीने एक व्यापारी मिळण्यासारखा होता.

चौथी वाट माल परत आणण्याची. बैठकीत तिचा आग्रह दोघांनी धरला. बेदाणा तरी होईल, असे त्यांचे म्हणणे होते. पण बेदाण्याला माल बावीस-चोवीस ब्रिक्सपर्यंत (ब्रिक्स हे साखरेचे माप) गोडीला आलेला लागतो आणि निर्यातीचा माल त्याच्या बराच आधी तोडलेला असतो. शिवाय पनेटमधले घड मोकळे करून शेडवर टाकण्याची मजुरी अंगावर येणार होती. ही वाट कागदावरच राहिली.

निर्णय आणि कृती

गटाची बैठक गुरुवारी दुपारी देवळाच्या सभामंडपात बसली आणि दिवे लागेपर्यंत चालली. गटातले ज्येष्ठ आण्णा म्हणाले, "जहाज म्हंजे काय एसटी न्हवं, एक चुकली की दुसऱ्या गाडीत बसायला. पण बसून तरी किती राहायचं?" त्यांच्या बोलण्यात सगळ्यांची घालमेल होती. नऊ घरांचा माल दोन कंटेनरमध्ये मिसळलेला होता, आणि कोणत्या कंटेनरचे काय करायचे हे ठरवण्याचा अधिकार एकट्या कुणाला दिलेला नव्हता. प्रत्येक प्रश्नावर सीएचएला फोन, मग पुन्हा चर्चा. ठोस उत्तर शुक्रवारी सकाळी आठच्या सुमाराला गेले. ईमेल आल्यापासून ३६ तास झाले होते.

ठरले ते असे. आत असलेला पहिला कंटेनर दुसऱ्या वाटेने, म्हणजे कोलंबोमार्गे युरोपला जाईल. बाहेर असलेला दुसरा जवळच्या कंटेनर फ्रेट स्टेशनात, म्हणजे बंदराबाहेर कंटेनर ठेवण्याच्या जागेत, प्लगवर लावून, त्याचे नवे शिपिंग बिल आणि दुबईसाठीची नवी प्रमाणपत्रे करून, त्याच कंपनीच्या आखातात जाणाऱ्या जहाजावर चढवायचा.

मी पहिल्या निर्णयाच्या बाजूने जोर लावला होता. माझा युक्तिवाद साधा होता: दुसरे जहाज थांबण्याच्या जहाजापेक्षा सहा दिवस आधी सुटते. मी सुटण्याची तारीख पाहिली. पोहोचण्याच्या तारखेत फरक तीनच दिवसांचा होता, कारण त्याचा प्रवास तीन दिवसांनी लांब होता. आणि कोलंबोला जोडणीचे जहाज हुकले तर तेही उरणार नव्हते. ही वजाबाकी त्या सभामंडपात कुणीच करून दाखवली नाही, आणि ती करणे माझे काम होते.

शनिवारचा दिवस धावपळीत गेला. कस्टम्सची परवानगी सकाळी साडेदहाला मिळाली, कंटेनर पहिल्या टर्मिनलमधून बाहेर आला आणि कट-ऑफला पाऊण तास उरला असताना दुसऱ्या गेटातून आत गेला. दुबईच्या कंटेनरचे काम तुलनेने शांतपणे झाले.

निष्पत्ती

दुबईचा माल काढणीपासून तेराव्या दिवशी उघडला गेला. देठ हिरवे होते आणि तक्रार आली नाही. भाव युरोपच्या अपेक्षित भावाच्या दोन तृतीयांशांच्या आसपास मिळाला, पण भाडे कमी लागले आणि पैसे दहा दिवसांत खात्यावर आले.

युरोपचा कंटेनर कोलंबोला चार दिवस जास्त पडून राहिला. तो उघडला गेला तेव्हा काढणीला ४९ दिवस झाले होते. दहा दिवस थांबून थेट जहाजाने गेला असता तरी जवळपास याच सुमाराला पोहोचला असता. वीसपैकी पाच पॅलेटमध्ये देठ सुकलेले आणि काही मणी गळलेले निघाले. त्यांची प्रतवारी खाली गेली. भाडे, टर्मिनल बदलाचा खर्च आणि कपात वजा जाता बागेवर पडलेला दर दुबईच्या कंटेनरपेक्षा कमी भरला.

आयातदाराने कंटेनरमधल्या, तापमान नोंदवणाऱ्या डेटा लॉगरचा आलेख पाठवला होता. तो मी छापून गटाच्या पुढच्या बैठकीत नेला. शून्याच्या अंगाने जाणारी सरळ रेघ, आणि तिच्यावर सुरुवातीलाच दोन उंचवटे. पहिला बुधवारी दुपारचा, साधारण दोन तासांचा, ३.८ अंशांपर्यंत चढलेला. गेटच्या रांगेत डिझेल वाचवण्यासाठी जनसेट बंद केला होता, हे पहिल्या ड्रायव्हरने विचारल्यावर सरळ सांगितले. तसे करू नये, हे त्याला कुणी बजावले नव्हते. दुसरा उंचवटा शनिवारचा, एका टर्मिनलमधून दुसऱ्यात जातानाचा, त्याहून बुटका. पाच खराब पॅलेट दाराच्या बाजूच्या होत्या. उंचवटे आणि खराब माल यांचा संबंध सिद्ध झाला असे मी म्हणणार नाही, कारण ४९ दिवस हेच मुळात फार झाले होते. पण आण्णांनी त्या आलेखावर बोट ठेवले आणि बराच वेळ उचलले नाही.

काय वेगळे करता आले असते

पहिली बाब दिवस मोजण्याची. बंदरातली सगळी माणसे जहाज सुटण्याच्या तारखेवर बोलतात, कारण त्यांचे काम तिथे संपते. द्राक्षाचे घड्याळ कात्री लागते तेव्हा सुरू होते आणि परदेशात पेटी उघडते तेव्हा थांबते. गटाने प्रत्येक पर्यायापुढे हा एकच आकडा लिहिला असता, तर थांबणे ४८ दिवस, कोलंबो ४५ दिवस अधिक जोडणीची जोखीम, आणि दुबई १३ दिवस, असे चित्र पहिल्या तासात दिसले असते. त्या चित्रावरून दोन्ही कंटेनर दुबईला वळवण्याचा विचार निदान चर्चेला आला असता. तो योग्यच ठरला असता असे नाही, कारण एका व्यापाऱ्याने अचानक दोन कंटेनर त्याच भावात घेतले असते का, हे सांगता येत नाही.

दुसरी बाब अधिकाराची. नऊ जणांची संमती हे गटाचे बळ आहे आणि बागेतल्या निर्णयांना ती पद्धत शोभते. गेटवर उभ्या असलेल्या रीफरसाठी ती चालत नाही. हंगामाआधीच दोघांना लेखी अधिकार देऊन, अमुक दिवसांपेक्षा जास्त लांबणार असेल तर अमुक बाजारात वळवावे, अशी मर्यादा आखून ठेवता आली असती. ते केले असते तर बुधवारी रात्रीच, दुसरा कंटेनर पार्किंगमध्ये असतानाच, दुबईच्या कागदांना हात घालता आला असता.

तिसरी बाब पहिल्या कंटेनरला आत सोडण्याची. जहाज मागच्या बंदरातून उशिरा निघाल्याची खबर मंगळवारीच मिळण्यासारखी होती. जहाज कुठे आहे हे आज फोनवर पाहता येते. जहाजाची जागा नक्की होईपर्यंत माल पॅकहाऊसच्या कोल्ड स्टोअरेजमध्ये आणखी एक दिवस थांबवला असता तर दोन्ही कंटेनर गावातच मोकळे राहिले असते. याच्या उलट बाजूही आहे: रिकामा रीफर न्हावा-शेव्याहूनच आणावा लागतो, तो दारात उभा असताना त्याचे भाडे चढते, आणि ऐन हंगामात तो परत गेला तर दुसरा मिळेलच असे नाही. गटाने घाई केली ती या भीतीने, आणि ती भीती खोटी नव्हती.

बैठकीत एकाने रांजणीच्या ड्राय पोर्टचा, म्हणजे समुद्रापासून दूर असूनही बंदरासारखे कस्टम्सचे काम होणाऱ्या केंद्राचा, विषय काढला. कवठेमहांकाळ तालुक्यात ते व्हावे ही मागणी जुनी आहे आणि झाले तर कस्टम्सचे काम घराजवळ होईल. पण जहाजाने बंदर गाळले तर रांजणीतूनही माल जाणार नाही. फार तर तो गावाजवळ अडकेल, आणि ते गेटच्या रांगेत अडकण्यापेक्षा बरे, एवढाच त्याचा या प्रकरणाशी संबंध. वाढवण बंदराची पायाभरणी ३० ऑगस्ट २०२४ रोजी झाली. तिथे सुमारे २० मीटर नैसर्गिक खोली आहे आणि मोठी जहाजे भरतीची वाट न पाहता लागू शकतील. मात्र ते मुंबईच्या उत्तरेला, पालघर जिल्ह्यात आहे, त्यामुळे सांगलीच्या ट्रेलरला जनसेटवर आणखी काही तास काढावे लागतील, हेही मोजणीत धरावे लागेल.

पुढच्या हंगामात गटाने तीन बदल केले. दोघांना अधिकारपत्र दिले. ड्रायव्हरला निघताना भरलेल्या टाकीची पावती आणि जनसेट बंद न करण्याची लेखी सूचना देऊ लागले. आणि पॅकहाऊसच्या फळ्यावर, पूर्वी जिथे जहाजाचे नाव व सुटण्याची तारीख लिहिली जात असे, तिथे आता प्रत्येक कंटेनरपुढे कात्री लागल्याची तारीख आणि पेटी उघडण्याचा अंदाजे दिवस लिहिला जातो. तो आकडा रोज सकाळी आण्णा स्वतः पुसून नव्याने लिहितात.